मधला प्रसंग

दोलसान, योसू
१७ ऑक्टोबर १९९३

जोंग-ए मावशींना,

तुम्हाला माझी ओळख लागेल की नाही याची खात्री नाही, म्हणून आधी तीच देते. मी थाक ह्ये-रान, तुमच्या चुलतबहिणीची, बोल्ग्योच्या थोरल्या ताईची मुलगी. आजोबा गेले तेव्हा आपण भेटलो होतो. सिनेमा लिहिणारी मावशी सोलहून येणार म्हणून आम्ही पोरी दाराआड उभ्या होतो, आणि तुम्ही येऊन सरळ स्वयंपाकघरात मासे साफ करायला बसलात. आमची चांगलीच निराशा झाली होती.

आता मी पंचेचाळिशीची आहे. योसूच्या एका मुलींच्या शाळेत भाषा शिकवते. नवरा उल्सानच्या कारखान्यात असतो, मी इथे आईजवळ. कॉलेजात असताना ग्वांगजूला तुमचा ‘भाड्याची छत्री’ लागला होता, तो पुन्हा पुन्हा जाऊन पाहिला. तुरुंगातून सुटलेला नवरा दारात येतो, बायको त्याच्याकडे बघत नाही, नुसती मूठभर तांदूळ आणखी काढते आणि धुवायला बसते. ती तांदूळ धुते आणि अख्खं थिएटर रडतं. तेव्हापासून रोजनिशीत मी किती वेळा लिहिलं असेल, हे यांनी केलं कसं. मला अजून उत्तर मिळालेलं नाही.

पत्र लिहायचं कारण वेगळं आहे. माझा थोरला भाऊ मान-सोक शहात्तर सालच्या शरदात माशांवर गेला, ती बोट परत आली नाही. बोटीवरच्या बाकी सगळ्यांच्या घरच्यांनी त्याच हिवाळ्यात किनाऱ्यावर विधी करून आपापल्या माणसाला पाण्यातून वर घेतलं. आईने केला नाही. अजूनही करत नाही. भावाचं लग्न झालेलं नव्हतं, मी लग्न होऊन दुसऱ्या घरची. गावची दांगोल, जी गेलेल्यांना हाका मारते, ती म्हणते की नाव आईनेच द्यायचं, दुसऱ्या कुणाला तो हक्क नाही. आईची फुप्फुसं आता थकली आहेत, तरी रोज धक्क्यावरच्या शेडमध्ये कालवं काढायला जाते. हा हिवाळा काढेल, पुढच्याचं डॉक्टर बोलत नाहीत. ती गेली तर मान-सोक त्या गार पाण्यात राहील तो राहीलच.

ती अजून त्याची वाट बघते आहे, मावशी. तो मेला हे ती मानतच नाही. मी सांगून थकले. तुम्ही आयुष्यभर माणसांना बोलतं केलंत. एकदा येऊन तिला बोलतं करा. तुमच्यासारख्या व्यस्त माणसाला असं म्हणायचा मला अधिकार नाही हे कळतं. आणि हे मी तिच्यासाठी मागते आहे की माझा जीव हलका व्हावा म्हणून, हेही मला नक्की सांगता येत नाही.

तुमची भाची,
ह्ये-रान

*

छुंगमुरो, सोल
२९ ऑक्टोबर १९९३

ह्ये-रान,

ओळख लागली. दाराआड तीन वेण्या होत्या, त्यातली सगळ्यात जाड तुझी.

तुझा एक गैरसमज आधी दूर करते. मी कुणालाही बोलतं केलेलं नाही. माझा सगळा धंदा माणसांना गप्प बसवण्यावर चाललाय, आणि त्यात माझं कर्तृत्व थोडं.

मी रेडिओची नाटकं सोडून इथे आले तेव्हा निर्माते लेखकांना लॉजच्या खोलीत बसवून ठेवत. जेवणाचं टेबल खोलीत यायचं, पण कथा पूर्ण झाल्याशिवाय लेखकाला बाहेर सोडत नसत. पहिल्या लॉजवर सगळे पुरुष लेखक. त्यांना वाटलं मी तिथली मोलकरीण. “ए, जवाचा चहा आण जरा.” मी आणायची. चहा ओतताना ते माझ्यासमोर निर्मात्याला, बायकोला, एकमेकांना शिव्या द्यायचे, आणि मी खोलीत जाऊन ते लिहून काढायची. माझ्या पहिल्या तीन सिनेमांत पुरुष फार खरे बोलतात असं लोक म्हणाले. म्हणणारच.

मग सरकारी लोक आले. सिनेमा काढण्याआधी कथा त्यांच्याकडे पाठवायची, ती तांबड्या पेन्सिलीने रंगून परत यायची. एका कथेत एक विधवा विचारते, माझ्या नवऱ्याला कुणी मारलं. तांबडी रेघ. मी ते वाक्य काढलं. त्याजागी लिहिलं, ती उंबऱ्याखाली ठेवलेले नवऱ्याचे बूट उचलते, त्यांची टोकं घराच्या दिशेने फिरवते आणि परत ठेवते. ते कुणी खोडलं नाही. बुटांना कोण खोडणार? लोक त्याला माझी शैली म्हणतात. नंतर खोडणारे गेले, पण माझा हात तसाच राहिला. आता दिग्दर्शक मागे लागतात, बाई, एकदा तरी कुणालातरी काहीतरी बोलू द्या.

तेव्हा ताईला बोलतं करायला मी चुकीची बाई आहे. पण तिला भेटून फार वर्षं झाली. हिवाळ्याचं लोणचं, किमची, घालायच्या दिवसांत येते. तोवर मला एवढं सांग. कालवं काढायला बसते तेव्हा तिचं तोंड कुठल्या बाजूला असतं? कुणी मान-सोकचा विषय काढला की हात थांबतात की चालू राहतात? गाव तिला काय म्हणतं?

जोंग-ए

*

दोलसान
१२ डिसेंबर १९९३

मावशी,

हे पत्र तीनदा लिहून फाडलं. पहिल्यात फार राग होता, दुसऱ्यात राग लपवला होता.

तुम्ही इथे राहिलात ते दिवस मी नीट पाहिले. सकाळी आईबरोबर शेडमध्ये गेलात. त्या बायकांनी तुम्हाला सुरी दिली, तुम्ही पहिल्याच शिंपल्यात बोट कापून घेतलंत, आणि शेजारची मालचा काकू म्हणाली, “सोलच्या हातात नुसती पेन्सिलच बरी.” तुम्ही म्हणालात, पेन्सिलीनेही कापतं, फक्त रक्त दुसऱ्याचं येतं. शेड हसलं. आईसुद्धा हसली, आणि मग खोकली. संध्याकाळी मोहरीच्या पानांना मीठ चोळत तुम्ही दोघी बोल्ग्योच्या जुन्या बायकांच्या उखाळ्यापाखाळ्या काढत बसलात. मान-सोकचं नाव एकदाही काढलं नाहीत. मी रोज शाळेतून येताना वाटेत म्हणायची, आज नक्की काढतील. तुम्ही गेलात, आणि आई पूर्वी होती तिथेच आहे.

तरी एक गोष्ट कबूल केली पाहिजे. गाव तिला काय म्हणतं, या तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर मी दिलं नव्हतं, कारण त्यात काही आहे असं मला वाटलं नव्हतं. तुम्ही पहिल्याच दिवशी मला बाजूला घेऊन म्हणालात, “सगळ्या बायकांना थोरल्या मुलाच्या नावाने हाक मारतात, चांग-ग्युची आई, ब्योंग-उची आई. ताईलाच ‘बोल्ग्योवाली’ का?” मी या गावात वाढले. बोट गेल्यापासून गावाने तिला ‘मान-सोकची आई’ म्हणणं सोडलं, ते दया म्हणून, आणि मग सवय म्हणून. मी ते रोज ऐकते, आणि मला ते ऐकूच आलेलं नव्हतं.

म्हणूनच परवाच्या वर्तमानपत्राने जास्त लागलं. तुमची पुढची कथा समुद्रात गेलेल्या मुलाच्या आईवर आहे, चित्रीकरण वसंतात, दक्षिण किनाऱ्यावर. मी तुम्हाला बोलावलं ते आईसाठी. तुम्ही आलात ते कशासाठी?

ह्ये-रान

*

छुंगमुरो
६ जानेवारी १९९४

ह्ये-रान,

दोन्हीसाठी. वेगळं करून सांगता आलं असतं तर सांगितलं असतं. ती कथा तुझ्या पत्राच्या आधीपासून माझ्याकडे होती आणि ती मेलेली होती. माझ्या कथेतली आई वाट बघत होती, आणि वाट बघणाऱ्या आया माझ्या आधीच फार लिहून झाल्या आहेत. तुझं पत्र आलं तेव्हा हे तुला सांगायला हवं होतं. सांगितलं नाही, कारण मग तू मला दाखवण्यासाठी पाहिलं असतंस.

ताईला मात्र सांगितलं. दुसऱ्याच दिवशी, किमची घालताना. म्हणाली, “लिही. पण ती बाई रडकी नको. आणि ह्ये-रानला इतक्यात सांगू नको, ती लगेच काळजी करायला बसेल.” तेव्हा तुझ्या आईनेही तुझ्यापासून थोडं लपवलंच आहे.

आता तुझं ते वाक्य, की ती अजून वाट बघते आहे. तू हुशार आहेस आणि तिच्यावर तुझा जीव आहे, म्हणून स्पष्ट लिहिते. तसं नाही. मी आयुष्यभर वाट बघणाऱ्या बायका पाहिल्या आहेत. वाट बघणारी बाई रस्त्याकडे बघते. फाटक वाजलं की तिचा हात थांबतो. परका माणूस गावात आला की ती काहीतरी निमित्त काढून त्याच्याशी बोलते, कुठून आलात, कोणती बंदरं पाहिलीत. ताईची पाठ फाटकाकडे असते. मी तिथे असताना दुसऱ्या गावच्या बोटीवरचा एक खलाशी शेडमध्ये आला, बायकांनी त्याला घेरलं, ताईने मानही वर केली नाही. ती पाण्याकडे तोंड करून बसते. आणि काम संपलं की उठताना पाण्याकडे बघून मान हलवते, अगदी किंचित. शेजाऱ्याला आपण हलवतो तशी.

तो मेला हे तिला पहिल्या दिवसापासून माहीत आहे. विधी केला की तो वर येणार आणि मग निघून जाणार, सगळे जातात तिथे. आत्ता तो रोज समोर आहे. ती त्याला सोडत नाहीये, एवढंच.

हे मी तिला विचारलेलं नाही. चुकतही असेन. पण कथा आता जिवंत झाली आहे. तू नको म्हणालीस तर ती काढून टाकते. मी पुष्कळ कथा टाकल्या आहेत, त्याचं मला काही वाटत नाही. खरं तर वाटतं, पण तो तुझा प्रश्न नाही.

जोंग-ए

*

दोलसान
३ फेब्रुवारी १९९४

मावशी,

तुमचं पत्र आल्यावर मी आईकडे लक्ष ठेवलं. तुम्ही सांगितलंत म्हणून मला तसं दिसेल, अशी शंका होती, म्हणून शक्य तितकं परक्यासारखं पाहिलं. ती मान हलवते. मी सतरा वर्षं तिच्या शेजारी राहून ‘आई अजून आशेवर आहे’ असं लिहीत आले. तुम्ही थोडे दिवस कालवं काढलीत.

मला वाईट वाटण्यापेक्षा दबून गेल्यासारखं जास्त वाटलं. थिएटरमध्ये ते तांदूळ धुताना बघून वाटलं होतं तसंच. तेव्हा मी समजत होते की ती लिहिण्याची कला आहे. तुम्ही लिहायला बसता त्याच्या फार आधीच ते सगळं होऊन गेलेलं असतं.

पण मावशी, आता मला जास्त भीती वाटते. ती चुकीच्या समजुतीवर अडली असती तर कुणीतरी समजूत घातली असती. तिला सगळं कळतंय, मग तिला काय सांगायचं? आणि तिच्यामागे त्याला वर घेणारं कुणी नाही, हे काही त्याने बदलत नाही. मी आईची बाजू घेऊ की भावाची? दोन रात्री याच प्रश्नावर घालवल्या, रोजनिशीत पानं भरली.

कथा टाकू नका. चित्रीकरण आमच्याच धक्क्यावर होणार असं सरपंच सांगत फिरताहेत. आईला बायकांच्या घोळक्यात उभं राहायला बोलावलं आहे आणि ती मालचा काकूबरोबर कुठलं पोलकं कुठल्या झग्यावर यावर भांडते आहे. मी तेव्हा मुलींची सहल घेऊन ग्योंगजूला असेन. माझ्या बदली कुणी मिळत नाही.

ह्ये-रान

*

दोलसान
२२ एप्रिल १९९४

मावशी,

सहलीहून आले. तुमची माणसं गेली आहेत. अंगणात दोरीवर एक लांब पांढरं कापड वाळत होतं, वाऱ्याने खारट झालेलं. आई स्वयंपाकघरात मीठ टाकलेला मासा भाजत होती, आणि तो मान-सोकला आवडायचा म्हणून बोट गेल्यापासून आमच्या घरात भाजला गेलेला नाही. मी विचारलं, काय झालं. म्हणाली, “सिनेमा झाला.” मालचा काकूला विचारलं, ती डोळे पुसत म्हणाली, सोलला विचार, आम्हाला सांगता येणार नाही.

आणि मग तिने कुंपणावरून आईला हाक मारली. “मान-सोकची आई, तेल आहे का गं?”

मावशी, मला आहे तसं लिहा. काही वगळू नका. निदान मला तरी.

ह्ये-रान

*

छुंगमुरो
३० एप्रिल १९९४

ह्ये-रान,

वगळत नाही. पण माझ्या हाताला सवय नाही, तेव्हा जमेल तसं.

मी एक चूक केली आणि ती अगदी काळजीपूर्वक केली. कथेतल्या मुलाचं नाव मान-सोक असू नये, त्याच्या जवळचंही असू नये, म्हणून मी जिन-ग्यु असं साधं नाव शोधलं. त्या नावाचा कुणी गावात नाही, बुडालेल्यांत नाही, हेही सरपंचांकडून विचारून घेतलं. मला वाटलं, एवढं सौजन्य मी ताईला देणं लागते.

विधीचा प्रसंग दुपारी होता. दिग्दर्शकाला खोटी दांगोल नको होती, म्हणून तुमच्या गावचीच बोलावली. धक्क्याच्या टोकाला चटई, फळं, भात. तांदळाने भरलेली पितळी वाटी कापडात बांधून त्या लांब पांढऱ्या पट्ट्याच्या टोकाला लावलेली. आईचं काम करणारी नटी शेजारी, बायका मागे, ताई त्यांच्यात दुसऱ्या ओळीत. दांगोल बाईंनी डफावर हात ठेवला आणि मला विचारलं, “हा जिन-ग्यु कुणाचा?”

मी सांगितलं, कुणाचाच नाही, मी बनवलेला आहे, म्हणून निर्धास्त हाक मारा.

त्यांनी हात काढून घेतला. म्हणाल्या, “बाई, तुम्ही शिकलेल्या. खाली किती जण आहेत ठाऊक आहे? ज्याला हाक मारणारं कुणी नाही, तो कुठल्याही नावाला ओ देतो. या नावाचा कुणी नाही, म्हणजे ज्याचा आधी हात लागेल तो वर येणार. आणि आला की मला त्याला त्याच नावाने पुढे लावून द्यावं लागेल. मग तो तिथे कायमचा जिन-ग्यु.”

दिग्दर्शक म्हणाला, मग आवाज काढू नका, नुसते ओठ हलवा, आवाज नंतर भरू. त्या म्हणाल्या, “तुमच्या यंत्राला आवाज लागतो. त्यांना लागत नाही.”

तेव्हा मला कळलं मी काय केलं होतं. त्या पाण्यात हाक न मारला गेलेला कोण आहे, हे धक्क्यावर उभ्या असलेल्या प्रत्येक बाईला माहीत होतं. मी चित्रीकरण थांबवायला तोंड उघडलं, पण ताई तोवर पुढे आली होती. नटीला बाजूला केलं नाही, तिच्याजवळ उभी राहिली. दांगोल बाईंना म्हणाली, “त्या नावाने हाक मारू नका. माझा वर येईल, आणि दुसऱ्याचा होऊन जाईल.”

मग ती म्हणाली, “थाक मान-सोक. बोल्ग्योच्या आजोळचा. लिहून घ्या हवं तर.”

मागून मालचा काकू एकदम म्हणाली, “मान-सोकची आई, चप्पल काढ.” आणि जाऊन तिने स्वतःच ताईच्या पायातली काढली. ते नाव उच्चारलं गेलं हे तिच्याही लक्षात नंतर आलं असावं. बायका पुढे सरकल्या. नटी आपणहून मागे गेली, त्यांच्या ओळीत उभी राहिली. त्या क्षणी ती कुणाचीच आई नव्हती आणि ते तिला कळलं, चांगली नटी आहे.

वाटी पाण्यात गेली. दांगोल बाईंनी हाक मारली. मी ती हाक इथे लिहीत नाही, मला ती लिहिता येणार नाही. पट्टा ताईने ओढला. खूप वेळ. खोकला येत होता, तरी कुणाला हात लावू दिला नाही. वाटी पाण्यातून वर आली तशी ती खाली वाकली आणि म्हणाली, “पार भिजलास ना. चल, वर ये. गारठशील.”

अगदी रागावून म्हणाली. शाळेतून भिजून आलेल्या पोराला म्हणतात तशी.

ह्ये-रान, तो प्रसंग मी कितीतरी वेळा लिहिला होता. कधी ती गप्प होती, कधी तिचे हात थरथरत होते, एकदा मी तिला नुसती पाठमोरी ठेवली होती आणि त्यावर स्वतःची पाठ थोपटून घेतली होती. ती त्याला रागावेल हे मला कुठेच सुचलं नव्हतं. इतकी वर्षं मी माणसांची वाक्यं खोडत आले, आणि त्या दिवशी एक बाई एवढं साधं बोलली की त्यातला एकही शब्द मला खोडता आला नसता.

तिने कापड सोडून वाटीत पाहिलं. पाण्यातून आलेल्याचा केस तांदळात सापडतो म्हणतात. मी जवळच होते, मला दिसलं असतं. मी बघितलं नाही. तिने पाहिलं, वाटी परत बांधली आणि छातीशी धरली. तिथे काय होतं ते मी तिला विचारलेलं नाही, तूही विचारू नकोस.

आता वाईट भाग. छायाचित्रकाराला कुणी थांब म्हटलं नाही, त्याने सगळं टिपलं आहे. दिग्दर्शकाने ते पुन्हा पुन्हा लावून पाहिलं. निर्माता म्हणतो, याच एका प्रसंगावर सिनेमा चालेल. खरं आहे त्याचं. माझ्या नावाने इतकं चांगलं काही कधी पडद्यावर आलेलं नाही आणि येणार नाही.

ताईला मी फोन केला. तिने एवढंच विचारलं, “त्यात मी फार म्हातारी दिसते का?” मग म्हणाली, “तुझं काम आहे, तूच ठरव.” तिने माझ्यावर सोपवलं, आणि हे सगळ्यात अवघड आहे.

जोंग-ए

*

दोलसान
२० नोव्हेंबर १९९४

मावशी,

काल आईला घेऊन योसूला तुमचा सिनेमा पाहिला. इतके महिने मी विचारलं नाही काय ठरलं, कारण मला कुठलं उत्तर हवं आहे हे माझं मलाच ठरवता येत नव्हतं. तो प्रसंग असावा असं वाटायचं, म्हणजे मी नव्हते तिथे मलाही जाता येईल. मग वाटायचं, चार-पाचशे माणसं शेंगदाणे खात माझ्या भावाला वर येताना बघणार.

आईची तब्येत फार चांगली नाही. बसमधून उतरल्यावर दोनदा थांबली. पण आजकाल ती बोलते, मावशी. मान-सोकबद्दल तक्रारी करते. तो शेजारच्या झाडाची पर्सिमनची फळं चोरायचा आणि बिया माझ्या खिशात टाकायचा, म्हणून मार मला बसायचा, हे मला आत्ता कळलं. देवळातल्या भिक्षूंची नक्कल करायचा. गाता येत नव्हतं पण गायचा. माझ्या सगळ्या वह्यांत तो एक दुःख म्हणून आहे. तो वात्रट होता हे मी विसरूनच गेले होते.

थिएटर अर्धं भरलं होतं. आईच्या पलीकडे बाजारातली कुणी मासळीवाली बसली होती, टोपली पायाशी घेऊन. सिनेमा सुरू झाला. नटीने आईचं चालणं चांगलं उचललंय. आईने एकदाच नाव ठेवलं, टोपलं असं कुणी धरतं का.

मग तो भाग आला. बायका पितळी वाटी आणि पांढरं कापड घेऊन धक्क्याकडे उतरतात. मी आईचा हात धरला. पडद्यावर पाणी दिसलं, रिकामं, दुपारच्या उन्हातलं. आणि लगेच त्याच बायका चढ चढून परत येताना दिसल्या. पट्टा ओला आहे. पुढे नटी आहे, तिच्या छातीशी बांधलेली वाटी. एक बाई वाकून दुसरीच्या चपला हातात घेऊन चालते आहे. बस. मधलं सगळं तुम्ही काढलंत.

मावशी, मी तुमच्याइतक्या धैर्याचं माणूस पाहिलेलं नाही. आयुष्यात एकदाच हाती लागणारी गोष्ट तुमच्याकडे होती आणि तुम्ही ती ज्याची त्याला ठेवलीत. निर्मात्याने तुम्हाला काय ऐकवलं असेल याची मी कल्पना करू शकते. यापुढे तो तुमच्याकडून लिहून घेईल का, हेही मनात आलं. तरी ते बघताना मला वाटलं की तुम्ही आजवर जे जे लिहिलंत, ते बूट, ते तांदूळ, सगळं या एका रिकाम्या पाण्यापाशी येण्यासाठी होतं. हे फार मोठं वाक्य झालं. खोडावंसं वाटतंय, पण राहू देते.

आई पडद्याकडे बघत होती. तिचा चेहरा मी नीट पाहिला नाही. तुमच्याकडून तेवढं शिकले.

पलीकडच्या मासळीवालीला मात्र काही कळलं नाही. ती आईकडे वाकून म्हणाली, “अहो, मधे काय झालं? मला डुलकी लागली की काय? त्या बाईचा पोरगा मिळाला का?”

मी उत्तर द्यायला वळले. आईने माझ्या हातावर हात दाबला.

“मिळाला,” ती त्या बाईला म्हणाली. “मान-सोक नाव त्याचं.”

त्या बाईने बरं झालं म्हटलं, आणि हातातल्या सुक्या स्क्विडचा अर्धा तुकडा फाडून आईला दिला.

तुमची,
ह्ये-रान